सिमेंट कारखान्याच्या सभासदांचा फुटबॉल क्लब: क्रूझ अझूलची भानगड सोप्या भाषेत

२०२५ च्या जानेवारीत मेक्सिको सिटीत पोलिसांनी एका म्हाताऱ्या माणसाला पकडलं, साडेचार वर्षं फरार होता, आणि हा कोण तर तीस वर्षांपेक्षा जास्त काळ एका फुटबॉल क्लबचा अध्यक्ष राहिलेला माणूस. त्यानंतर साडेचार महिन्यांनी, १ जूनला, त्याच क्लबने कॅनडाच्या व्हँकुव्हर व्हाइटकॅप्सला फायनलमध्ये ५-० असं धुतलं आणि कॉन्ककॅफ चॅम्पियन्स कप उचलला. उत्तर अमेरिका, मध्य अमेरिका आणि कॅरिबियन बेटं मिळून जो भाग होतो त्याची ही चॅम्पियन्स लीग समजा.

क्लबचं नाव क्रूझ अझूल, म्हणजे निळा क्रॉस. मेक्सिकोत उच्चार क्रूस आसूल असा करतात, आपण आपलं क्रूझ अझूलच म्हणू.

तर आमच्या कोल्हापूरच्या फुटबॉलच्या ग्रुपवर त्या ५-० च्या रात्रीनंतर वाद सुरू झाला. एक म्हणाला हा सिमेंट कंपनीचा क्लब, दुसरा म्हणाला नाही रे, कामगारांचा क्लब, तिसरा म्हणाला मग ते मनी लाँडरिंगचं काय. तिघंही बरोबर आहेत, हीच तर गंमत आहे. आणि खरं सांगू का, आपल्या भागातल्या माणसाला हा क्लब जितका पटकन कळेल तितका युरोपातल्या माणसाला कळणार नाही, कारण आपण चेअरमन, संचालक मंडळ, वार्षिक सभा आणि सभेतली खुर्च्यांची फेकाफेक हे सगळं लहानपणापासून बघितलंय.

आधी कारखाना, मग टीम

मेक्सिको सिटीच्या उत्तरेला हिदाल्गो नावाचं राज्य आहे, तिथलं जासो हे गाव. १८८१ मध्ये हेन्री गिबन नावाच्या इंग्रजाने तिथे चुन्याचा कारखाना काढला, पुढे त्यातच सिमेंट व्हायला लागलं आणि सिमेंटचा ब्रँड होता निळा क्रॉस. क्लबचं नाव, शर्टाचा रंग, लोगो, सगळं त्या सिमेंटच्या गोणीवरनं आलंय.

टीम सुरू झाली २२ मे १९२७ ला. कामगार शिफ्ट संपल्यावर खेळायचे, बस. तेव्हा कारखाना खाजगी मालकाचाच होता, सहकार वगैरे काही नव्हतं, म्हणजे टीम ही सहकारी संस्थेपेक्षा वयाने मोठी आहे, हे बऱ्याच जणांना उलटं वाटतं.

१९३१ ला काय झालं

इथे कहाणी फिरते. १९३१ मध्ये ला तोल्तेका नावाच्या मोठ्या प्रतिस्पर्धी सिमेंट कंपनीने हा कारखाना घेतला, आणि घेतला तो चालवायला नाही, बंद करायला. स्पर्धक विकत घ्यायचा, कुलूप लावायचं, बाजार आपल्याला मोकळा, हा धंद्यातला जुना डाव आहे. कामगार म्हणाले आम्ही जायचं कुठं. मेक्सिकोत क्रांती होऊन गेली होती, १९१७ च्या घटनेत १२३ वं कलम हे खास कामगारांच्या हक्कांचं होतं, त्यामुळे भांडायला कायद्याचा आधार होता. लढले, आणि २ नोव्हेंबर १९३१ ला १९२ कामगारांनी कारखान्याचा ताबा घेतला. २ नोव्हेंबर म्हणजे मेक्सिकोतला मृतांचा दिवस, आपल्या सर्वपित्रीसारखा, घरोघरी गेलेल्या माणसांची आठवण काढतात तो, आणि नेमका त्या दिवशी मरायला टाकलेला कारखाना परत जिवंत झाला. हा दिवस ते अजून साजरा करतात. नंतर हिदाल्गोच्या राज्य सरकारने मध्ये पडून कारखाना कामगारांकडे दिला आणि १९३४ मध्ये रीतसर सहकारी संस्था झाली.

एक जाता जाता. ज्या ला तोल्तेकाला हा कारखाना बंद करायचा होता ती स्वतःच १९८९ मध्ये सेमेक्स या मेक्सिकन सिमेंट जायंटच्या पोटात गेली. आणि सेमेक्स फुटबॉलमध्ये काय करतं तर १९९६ पासून मोंतेरेच्या तिग्रेस या क्लबमागे उभं आहे. म्हणजे क्रूझ अझूल विरुद्ध तिग्रेस मॅच असली की ती सिमेंट विरुद्ध सिमेंट असते, आणि एका बाजूला नव्वद वर्षांपूर्वीचा हिशेब पण. कॉमेंट्रीत हे कुणी सांगत नाही म्हणून मी सांगितलं.

म्हणजे आपल्या साखर कारखान्यासारखं?

अर्धं हो, अर्धं नाही.

हो यासाठी की कायदा जवळपास सारखा आहे. एक सभासद एक मत, वर्षाला सर्वसाधारण सभा, सभेतून निवडलेलं संचालक मंडळ, आणि त्याच्यावर नजर ठेवायला तिथे वेगळं दक्षता मंडळ पण. बाकी प्रवरानगरच्या पहिल्या कारखान्यापासून आपण जे बघतोय तेच.

नाही यासाठी की आपल्या साखर कारखान्याचा सभासद हा ऊस घालणारा शेतकरी असतो, आणि आत बॉयलरवर जो उभा असतो तो पगारी कामगार, तो मालक नाही. क्रूझ अझूलमध्ये उलटं. तिथे भट्टीवर उभा असलेला माणूसच सभासद, तोच मालक. आपल्याकडे याच्या जवळचं उदाहरण शोधायचं झालं तर इंडियन कॉफी हाऊस, किंवा मुंबईत कुर्ल्याची कमानी ट्यूब्स, जी १९८८ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या आदेशानंतर कामगारांनी सोसायटी करून स्वतः चालवायला घेतली. कमानी पुढे टिकली नाही. जासोचा कारखाना टिकला, नुसता टिकला नाही तर एवढा वाढला की त्याने देशातल्या सगळ्यात मोठ्या चार क्लबांपैकी एक पोसला. (बाकीचे तीन म्हणजे अमेरिका, चिवास आणि पुमास. यातला अमेरिका हा क्लब आहे, देश नव्हे, पुढे घोळ व्हायला नको.)

कागदावर क्लब ही वेगळी संस्था आहे, पण दोरी सहकारी संस्थेच्या हातात. कारखान्याची शाळा, दवाखाना, कॉलनी असते ना, तसाच कारखान्याचा क्लब, फक्त ही कॉलनी अख्ख्या देशाला टीव्हीवर दिसते.

गावातली टीम राजधानीत कशी गेली

याचं क्रेडिट एका माणसाला द्यावं लागतं, गिएर्मो आल्वारेस मासियास. १९५३ मध्ये तो संस्थेचा जनरल मॅनेजर झाला. त्याच्या काळात कारखाना वाढला, कामगारांना घरं, शाळा, दवाखाने. आज जासोच्या त्या वस्तीचं नावच स्युदाद कोऑपरातिवा क्रूस आसूल आहे, सरळ मराठीत सांगायचं तर क्रूझ अझूल सहकारनगर.

आणि त्याला फुटबॉलचा नाद. टीम १९६० च्या सुमारास सेकंड डिव्हिजनमध्ये उतरवली, १९६४ मध्ये वर चढली, गावात १० दे दिसिएंब्रे म्हणजे १० डिसेंबर नावाचं स्टेडियम उभं राहिलं. वर येऊन पाचच वर्षं झाली आणि राऊल कार्देनास कोच असताना १९६८-६९ च्या सीझनला लीग, कप आणि कॉन्ककॅफचा कप, तिन्ही एकदम मारले. सिमेंटच्या गावातल्या पोरांनी, विचार करा.

गावचं ग्राउंड पुरेना म्हणून १९७१ मध्ये टीम मेक्सिको सिटीत अझ्तेका स्टेडियमला आली. अझ्तेका म्हणजे १९६६ ला सुरू झालेलं, लाखभर लोक बसणारं स्टेडियम, पेलेने जिथे १९७० चा वर्ल्ड कप उचलला ते. गाव सोडल्यावर बरेच क्लब हरवून जातात, हा उलट सुटला. १९७२, ७३, ७४ लागोपाठ तीन वर्षं लीग चॅम्पियन. १९७२ च्या फायनलला अमेरिका क्लबला ४-१. गोलला अर्जेंटिनाचा मिगेल मारीन, लोक त्याला सुपरमॅन म्हणायचे. १९६९ ते १९८० या काळात एकूण सात लीग टायटल, आणि टीमला नाव पडलं ला माकिना, मशीन. रेल्वेच्या इंजिनसारखं, समोर कोणी असो, चिरडत जाणार.

त्या पिढीत गावाकडनं राजधानीत पोटापाण्यासाठी आलेल्या माणसांचा लोंढा होता आणि ही टीमही गावाकडनंच आलेली, कारखान्यातली, तेव्हा ती त्यांना आपली वाटली तर त्यात नवल नाही. गिरणगावात कबड्डीच्या टीमा कशा मिलच्या नावाने ओळखल्या जायच्या, त्यातलं थोडंफार.

मग तो शब्द कुठून आला

आता मुख्य भानगड. मेक्सिकोच्या बोलीत एक क्रियापद आहे, क्रूसासुलेआर. अर्थ असा की जिंकलेली गोष्ट शेवटच्या क्षणाला घालवणे. ऑफिसमध्ये प्रमोशन नक्की झालेलं आणि शेवटच्या दिवशी साहेबाला नको ते बोलून बसला, तर म्हणणार तू क्रूझअझुललास. हातातोंडाशी आलेला घास, पण क्रियापद करून, आणि वर एका क्लबचं नाव लावून.

हे कळायला आधी मेक्सिकोची लीग कशी चालते ते दोन मिनिटांत. वर्षाला एक नाही, दोन स्पर्धा असतात. जुलै ते डिसेंबर अपेर्तुरा, जानेवारी ते मे क्लाउसुरा. दोन्हींचा चॅम्पियन वेगळा. आणि टेबलमध्ये पहिला आला म्हणून कप मिळत नाही, वरच्या आठ टीमांची बाद फेरी होते, तिला लिगिया म्हणतात, प्रत्येक फेरी दोन मॅचची, एक इकडे एक तिकडे, गोलांची बेरीज. आयपीएल बघणाऱ्याला हे वेगळं समजवायला नको, लीग स्टेजला राजा असलेला प्लेऑफमध्ये रस्त्यावर येतो ते आपण दरवर्षी बघतो.

१९९७ च्या हिवाळी स्पर्धेत (अपेर्तुराला तेव्हा हिवाळी म्हणायचे) क्रूझ अझूल चॅम्पियन झालं. फायनल लेओन क्लबशी, त्यांच्याच ग्राउंडवर, मॅच एक्स्ट्रा टाइममध्ये. तेव्हा गोल्डन गोलचा नियम होता, जो पहिला गोल मारेल तो जिंकला, खेळ तिथेच खल्लास. लेओनचा गोलकीपर कोमिस्सो याने कार्लोस एर्मोसियोच्या तोंडावर लाथ घातली, पेनल्टी मिळाली, आणि एर्मोसियोने रक्ताने माखलेल्या चेहऱ्याने ती मारली. गोल. कप. मेक्सिकोत तो रक्ताळलेला चेहरा सगळ्यांना पाठ आहे.

त्यानंतर जवळपास साडेतेवीस वर्षं लीगचा कप नाही.

आणि टीम वाईट होती म्हणून नाही, हे महत्त्वाचं. वाईट टीमची कोणी टिंगल करत नाही, कीव करतात. हे लोक फायनलपर्यंत जायचे आणि तिथे हरायचे. १९९९ ला पाचुकाकडून, तेही गोल्डन गोलने, म्हणजे ज्या नियमाने जिंकले त्याच नियमाने मेले. २००८ मध्ये एकाच वर्षात दोन फायनल हरले, एक सांतोसकडून, एक तोलुकाकडून पेनल्टीवर. २००९ ला मोंतेरेकडून. २०१८ ला टेबलमध्ये पहिले येऊन अमेरिकाकडून.

आणि २०१३. याच्यावर थांबावंच लागतं.

२६ मे २०१३, अझ्तेका, समोर अमेरिका, धो धो पाऊस. पहिली मॅच क्रूझ अझूल १-० जिंकलेलं. दुसऱ्या मॅचला पंधरा मिनिटं व्हायच्या आत अमेरिकाचा एक खेळाडू रेड कार्ड घेऊन बाहेर. थोड्या वेळाने तेओफिलो गुतिएरेसचा गोल, एकूण २-०. समोर दहा जण. ८९ व्या मिनिटापर्यंत हाच स्कोर. मग मोस्केराने हेडर मारला, २-१. ठीक आहे, अजून पुढे आहोत. इंज्युरी टाइममध्ये अमेरिकाला कॉर्नर, आता घालवायला काही उरलं नाही म्हणून त्यांचा गोलकीपर मोइसेस मुन्योस पण गोल सोडून पुढे आला, आणि त्यानेच उडी मारून हेडर मारला, चेंडू क्रूझ अझूलच्या आलेहांद्रो कास्त्रोला लागून दिशा बदलून आत. गोलकीपरने. मग पेनल्टी शूटआउट, आणि तिथे तोच कास्त्रो पेनल्टी मारायला आला आणि ओल्या गवतावर घसरला, चेंडू वर गेला. अमेरिका चॅम्पियन.

मला त्या कास्त्रोचं लै वाईट वाटतं. सिनेमात असं दाखवलं असतं तर आपण म्हटलं असतं काहीही दाखवतात.

"पण हे नुसतं बॅड लक नाही का?"

हा प्रश्न येणारच, तर थोडं गणित करून बघू. १९९९ ते २०१८ लीगच्या सहा फायनल हरले. दोन्ही टीम बरोबरीच्या धरल्या तर प्रत्येक फायनल म्हणजे नाणेफेक. सहा वेळा नाणं उडवून सहाही वेळा उलटं पडायची शक्यता ६४ मध्ये १. कमी आहे, पण चमत्कार नाही, लीगमध्ये अठरा क्लब आहेत आणि एवढी वर्षं आहेत, कुणा ना कुणावर ही वेळ येऊ शकते. ती यांच्यावर आली. आणि एकदा शब्द तयार झाला की तो शब्दच मैदानात उतरतो, ८५ व्या मिनिटाला एक गोल खाल्ला की स्टेडियममध्ये प्रत्येकाच्या मनात तेच, बचाव करणाऱ्याच्या पायात पण तेच.

शिवाय लोक एक गोष्ट सोयीस्कर विसरतात की याच काळात हा क्लब बाकी कप जिंकत होता. २०१३ लाच कोपा एमएक्स म्हणजे देशातला कप, २०१४ ला कॉन्ककॅफ चॅम्पियन्स लीग. २००१ मध्ये तर कोपा लिबेर्तादोरेसच्या फायनलला जाणारा पहिला मेक्सिकन क्लब, दक्षिण अमेरिकेची सगळ्यात मोठी स्पर्धा ती, आणि बोका ज्युनिअर्सला त्यांच्या बोंबोनेरा स्टेडियममध्ये १-० हरवलं होतं. मग पहिल्या मॅचचा १-० पराभव धरून बरोबरी झाली आणि पेनल्टीवर... हो, हरले.

नुसतं लक म्हणून सोडता येत नाही अशाही गोष्टी आहेत. २००५ मध्ये यांचा कोच रुबेन ओमार रोमानो याला प्रॅक्टिसवरून निघताना किडनॅप केलं, ६५ दिवसांनी पोलिसांनी सोडवला. २०२० ला टेबलमध्ये पहिले होते तर कोविडमुळे स्पर्धाच रद्द झाली, कप कुणालाच नाही. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये सेमीफायनलला पुमासला पहिल्या मॅचमध्ये ४-० हरवलं आणि दुसऱ्या मॅचला स्वतः ४-० हरले, बरोबरी झाली तर टेबलमध्ये वर असलेली टीम पुढे जाते असा नियम, पुमास वर होते, विषय संपला. चार गोलची आघाडी.

आता पैशाकडे येऊ

मारीनचे दिवस घडवणारा तो आल्वारेस मासियास १९७६ ला वारला. १९८८ पासून त्याचा मुलगा गिएर्मो आल्वारेस क्वेवास, सगळे बिली म्हणतात, संस्थेचा डायरेक्टर जनरल आणि क्लबचा अध्यक्ष. २०२० पर्यंत. बत्तीस वर्षं.

इथे वाचक म्हणणार की एक सभासद एक मत आहे ना, मग बापानंतर मुलगा आणि तोही बत्तीस वर्षं कसा? आता हा प्रश्न महाराष्ट्रातल्या माणसाने विचारावा म्हणजे कमाल आहे. मत प्रत्येकाला असतं, पण कुणाच्या पोराला सभासद करून घ्यायचं, कुणाला चांगली जागा, कॉन्ट्रॅक्ट कुणाला, हे वरून ठरत असेल तर सभेत हात कोण वर करणार. आणि कारखाना नफ्यात असेपर्यंत कोणी फार विचारतही नाही.

मेक्सिकोत विचारणारे निघाले. सभासदांचा एक गट वर्षानुवर्षं कोर्टकचेरी करत होता की पैसा बाहेर जातोय. २०२० मध्ये सरकारच्या आर्थिक गुप्तचर विभागाने खाती गोठवली, जुलैमध्ये बिलीविरुद्ध संघटित गुन्हेगारी आणि मनी लाँडरिंगच्या आरोपाखाली अटक वॉरंट निघालं, ऑगस्टमध्ये त्याने पद सोडलं आणि माणूस गायब. सापडला तो थेट जानेवारी २०२५ ला. मनी लाँडरिंग म्हणजे काळा पैसा चार खोट्या व्यवहारांतून फिरवून पांढरा दाखवणे. हे आरोप आहेत, निकाल कोर्ट देईल, आपण इथे बसून द्यायची गरज नाही.

पण माणूस गेला म्हणून भांडण मिटलं नाही. कारखाना कुणाच्या ताब्यात यावरून दोन गट, आणि २७ एप्रिल २०२२ ला जासोच्या प्लांटवर दोन गटांत मारामारी झाली त्यात ८ जण मेले. ज्या गेटातून १९३१ ला १९२ जण एकत्र आत गेले होते त्याच कारखान्यात. फुटबॉलच्या बातम्यांत हे एका ओळीत येतं, म्हणून इथे लिहिलं, क्लबच्या ट्रान्सफर बजेटच्या मागे काय असतं ते दिसावं.

क्लबला याचा फटका कसा बसतो? सोपं आहे. बाकी बऱ्याच मोठ्या क्लबांत मालक एक असतो, टीव्ही कंपनी किंवा बिअर-सिमेंटवाला उद्योगसमूह, तो खेळाडू घ्यायचा म्हणाला की घेतात. इथे क्लबचा निर्णय कारखान्याच्या राजकारणाशी बांधलेला. खाती गोठली की पगार अडकतो, वर कोण आहे हेच नक्की नसेल तर कोचला कोण काय शब्द देणार. घरात वाटणीचं भांडण चालू असताना पोराच्या दहावीचं जे होतं ते.

"मग विकून का टाकत नाहीत?"

कारण विकणारा कोण? खाजगी मालक असता तर एका सहीने विकला असता. आणि मेक्सिकोत ते सर्रास होतं. नेकाक्सा हा राजधानीतला क्लब २००३ मध्ये उचलून आग्वासकालिएंतेसला नेला. मोरेलियाचा क्लब २०२० मध्ये उचलून माझातलानला, नावासकट बदलला. मोरेलियाच्या लोकांनी सकाळी उठून बघितलं तर टीम नाही, म्हणजे आपल्या पाटाकडील तालमीची टीम कुणी उद्या सोलापूरला नेऊन वेगळ्या नावाने उतरवावी तसं, कल्पना पण करवत नाही. आणि मालकाच्या मनावर असलं की काय होतं हे आपल्याकडे पण झालंय, महिंद्रा युनायटेड २०१० ला बंद झाली, गोव्याचे धेंपो आणि साळगावकर २०१६ ला आय लीगमधून बाहेर पडले. कंपनीने ठरवलं, संपलं.

सहकारी संस्थेत हे जड जातं. हजार भानगडी असोत, पण शेकडो सभासदांच्या सभेत 'आपला क्लब विका' असा ठराव मांडून जिवंत घरी यायचं म्हणजे छातीच पाहिजे. म्हणून माझं मत असं की ज्या रचनेने या क्लबला एवढा त्रास दिला तिनेच त्याला जागेवर पण ठेवलंय. पटत नसेल तर कमेंटमध्ये भांडा.

जागेवर म्हणजे, नाव आणि मालकी जागेवर. ग्राउंडचं विचारू नका. एवढा मोठा क्लब आणि राजधानीत स्वतःचं स्टेडियम नाही. १९७१ ते १९९६ अझ्तेका, जे प्रतिस्पर्धी अमेरिकाचं घर. मग २०१८ पर्यंत एस्तादियो आसूल, नाव आसूल पण ते पण भाड्याचंच, बैलांच्या झुंजीच्या रिंगणाशेजारी खड्ड्यात बसवलेलं. मग परत अझ्तेका. २०२४ ला वर्ल्ड कपसाठी अझ्तेकाचं काम निघालं म्हणून परत जुन्या ग्राउंडवर, २०२५ ला युनिव्हर्सिटीच्या ऑलिंपिक स्टेडियममध्ये, जे पुमासचं घर. वर्षानुवर्षं बिऱ्हाड पाठीवर. आणि देशाला सिमेंट पुरवतात, बरं का.

शेवटी जिंकले कधी

३० मे २०२१. त्या सीझनला लागोपाठ १२ मॅच जिंकून टेबलमध्ये पहिले आले, आणि लोक म्हणायला लागले आता बघा कसं क्रूझअझुलतात ते. फायनलला सांतोस. पहिली मॅच लुइस रोमोच्या गोलवर १-०, दुसरी अझ्तेकाला १-१, एकूण २-१. नववं लीग टायटल. कोच होता पेरूचा हुआन रेनोसो, जो १९९७ च्या त्या रक्तवाल्या फायनलच्या वेळी याच टीमचा डिफेंडर होता. आणि कप उचलला गोलकीपर कॅप्टन चुई कोरोनाने, जो २०१३ ला त्या पावसात गोलमध्ये उभा होता.

मग बिली गेला म्हणून जिंकले का? असं लिहिणारे खूप होते. पण ती टीम बरीचशी त्याच्याच काळात जमवलेली होती, कोरोना पण, रोमो पण. म्हणजे एवढं सरळ नाही ते. पद रिकामं झाल्यावर चार महिन्यांनी पुमासवाला ४-० पण झालाच होता की.

आणि २०२५ चा ५-० हा कॉन्ककॅफचा सातवा कप, अमेरिका क्लबच्या सातशी बरोबरी. त्या रात्री पाच गोल झाल्यावर पण ग्रुपवर एकाने लिहिलं, अजून दहा मिनिटं आहेत, थांबा.

हे सगळं टाइप करून ग्रुपवर टाकलं तर आमच्यातला एक जण, ज्याच्या घरचा ऊस जवळच्याच एका कारखान्याला जातो, त्याने विचारलं की मग आपल्या कारखान्याने का नाही काढली फुटबॉल टीम, कोल्हापुरात काय पोरं कमी आहेत का. मी म्हटलं वार्षिक सभेत विचार. तो म्हणाला विचारतो, पण आधी मागचं बिल कधी जमा होणार ते विचारतो, त्यानंतर माइक हातात राहिला तर टीमचं.